सिप्पोरासाठी हश्काबा

पनवेल
२२ नोव्हेंबर १९९३

सिप्पोरा,

तुझं हसू. कालपासून कानात तेच आहे. पांढऱ्या ओढणीआड दाबून धरलेलं आणि तरीही नाकातून निसटलेलं, आपल्या लग्नातलं. रिवाजाप्रमाणे तू सिनेगॉगच्या दारातून आत येत होतीस आणि नवरदेवाने नवरीसाठी स्वतः गायचं ते हिब्रू गाणं मी मधल्या चौथऱ्यावर उभा राहून गात होतो. प्रार्थना चालवणाऱ्या हजानसाहेबांनी चाल घोटून घेतली होती. पण तू उंबऱ्यात दिसलीस आणि चाल पार उडाली. शब्द हिब्रूच राहिले, पण निघाले ते पाचवीच्या पोरांकडून मी रोज म्हणून घ्यायचो त्या श्लोकांच्या चालीत. हजानसाहेबांनी कपाळाला हात लावला. तुझे भाऊ जमिनीकडे बघू लागले. आणि तू हसलीस.

का आठवलं ते सांगतो. काल मी त्याच चौथऱ्यापाशी उभा होतो आणि समोर मिनीबसभर परकी माणसं होती. मुंबईच्या एका सहलीच्या कंपनीने 'ज्यू वारसा आणि कला' अशी दिवसभराची फेरी काढली आहे. सकाळी मुंबईतली सिनेगॉगं, दुपारी पनवेल, मग अलिबागच्या बाजूला. वल्लरी नावाची मुलगी त्यांची गाईड. नवीन पनवेलला राहते, वडील मंत्रालयात. तिला इथली माहिती सांगणारं माणूस हवं होतं, आणि कुणीतरी माझं नाव सांगितलं. सांगायला दुसरं उरलंय कोण?

बाजारापासून सुरुवात करतो. आपल्या लोकांचे तेलाचे घाणे होते ती आळी दाखवतो. आता तिथे व्हिडिओ कॅसेटचं दुकान आहे. शनिवारी घाणा बंद, म्हणून आपल्याला शनवार तेली म्हणायचे, हे सांगितलं की सगळे वहीत लिहून घेतात. मग इस्राएल तळं. मग सिनेगॉग. पवित्र कपाटाच्या दारांवरचं कोरीवकाम, खोबरेल तेलाच्या काचेच्या हंड्या, आणि सगळ्यांत शेवटी आपला केतुबा.

हो, मी तो घरातून नेतो. लग्नाचा करारनामा इतका रंगवलेला लोकांनी कुठे पाहिलेला असतो? भोवतीची वेलबुट्टी, आंब्याची पानं, वर समोरासमोर दोन मोर, खाली दोन मासे. तुझी आई म्हणाली होती, "जावईबापू, ही पापलेटं बाजारातली की तळ्यातली?" तेही मी सांगतो आणि लोक हसतात. केतुबा खरं तर बायकोने जपायचा असतो, मग तुमच्याकडे कसा, असं एकाने विचारलं. मी म्हटलं, गडबडीत ट्रंकेत ठेवायचा राहिला. राहिला नव्हता, हे तुला माहीत आहे. तू तो टेबलावर, माझ्या पाठ्यपुस्तकांवर ठेवून गेलीस.

वल्लरी शेवटी म्हणाली, "सर, तुम्ही एकदम मस्त सांगता. फक्त कविता जरा कमी कराल का? लोकांना जेवायला अलिबागला पोचायचंय."

"किती कमी?"

"एकच ठेवा. लहान असेल ती."

हौसाला हे फार आवडलं. हौसा म्हणजे सिनेगॉग झाडायला येते ती, रोडपालीची. तू इस्राएलला गेलीस तेव्हा तिची सासू यायची. ती म्हणाली, "बरं झालं, कोन तरी बोललं. मी तर किती वर्सं आयकतंय."

तुझी दोन्ही पत्रं पोचली. तिकडे दिमोनात थंडी पडली असेल. तू मागितलेल्या सोडचिठ्ठीबद्दल सवडीने लिहीन. ती गोष्ट अशी चार ओळींत उरकायची नाही.

हसकेल


१४ डिसेंबर १९९३

सिप्पोरा,

हनुक्काचे दिवे लावले. तू असताना वात तू वळायचीस, मला आजही नीट वळता येत नाही. एक बाजू जाड राहते आणि दिवा तिरका जळतो.

तुझं तिसरं पत्र आलं. या वेळी तू रागावली नाहीस, याचं जास्त वाईट वाटलं. तू सरळ लिहिलंस: एफ्राइम चांगला माणूस आहे, मूळचा कोचीनचा, बायको वारून बरीच वर्षं झाली, बस चालवायचा, आता निवृत्त आहे. आम्हांला उरलेले दिवस एका घरात काढायचे आहेत. तू राजीखुशीने सोडचिठ्ठी दिल्याशिवाय आपल्या धर्मात मला लग्न करता येत नाही, तुला माहीत आहे.

माहीत आहे. बसवाला म्हणजे वेळेवर निघणारा आणि वेळेवर पोचणारा माणूस. हा मोठाच गुण. मी तुझ्या आईवडिलांना आणि भावांना बंदरावर काय सांगितलं होतं, आठवतंय ना? मॅट्रिकचा वर्ग बाहेर पडला की येतो. मग पुढचा वर्ग आला. त्यात एक मुलगा होता, गव्हाणच्या मिठागरवाल्यांचा, तुझ्या माहेरच्या गावचा. कविता अशी म्हणायचा की खिडकीतले कावळे गप्प व्हायचे. त्याला मध्येच सोडून कसा येणार? मग त्याच्या मागचा वर्ग. आपल्याला मूलबाळ नव्हतं, त्यामुळे मध्ये पडून 'बाबा, आता पुरे' म्हणायलाही कुणी नव्हतं. आणि तिथे येऊन मी करणार काय होतो? हिब्रूत मी 'भूक लागली' एवढंच म्हणू शकलो असतो. मराठी सुटली असती तर माझ्यात शिल्लक काय राहिलं असतं, सांग. तू कापडाच्या गिरणीत पाळ्या केल्यास. मला मशीन आलं नसतं. एवढं सगळं मी तुला तेव्हा लिहिलं नाही. 'या वर्षी जमत नाही' एवढंच लिहिलं.

फेऱ्या चालू आहेत. परवाच्या फेरीत एका पारशी बाईंनी केतुबा खूप वेळ पाहिला. मग विचारलं, "आणि ही नवरी? त्या कुठे असतात?"

मी काहीतरी उत्तर दिलं. बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं, तेव्हा उत्तर चांगलं असावं. त्यानंतर दर फेरीला तेच देतो. वल्लरीला इतकं आवडलं की आता ती बसमध्येच सांगून ठेवते. लोक आत येतात ते आवाज खाली करून.

हौसा झाडू टेकवून म्हणाली, "मास्तर, तुमी या लोकांना विंग्रजीत काय सांगता? सगली तुमच्याकडं अशी बगतात, जसं घरात सुतक हाय."

मी म्हटलं, "कविता सांगतो."

"कवितेनं कुनी रडत नाय. झोपतं."

गुडघा दुखतो आहे. सोडचिठ्ठीचं पुढच्या पत्रात.

हसकेल


४ जानेवारी १९९४

सिप्पोरा,

हे पत्र बसून वाच. आणि वाचून झाल्यावर मला काय म्हणायचं ते म्हण, पण आधी पूर्ण वाच.

परवा रविवारी मोठा गट आला. बहुतेक आपलेच लोक, लंडनला आणि तिकडे इस्राएलला जाऊन राहिलेले, म्हातारे होऊन बापजाद्यांची गावं बघायला आलेले. आता दोन्ही सरकारांचं जमलंय, त्यामुळे येणं सोपं झालं आहे. त्यात पुरुष इतके होते की माझ्या लक्षात येताच अंगावर काटा आला. सिप्पोरा, इथे सणालाही दहा पुरुष जमत नाहीत. दहा नसले की अर्ध्या प्रार्थना गिळून टाकाव्या लागतात. आणि परवा दुपारी, जाहिरात नाही, बोलावणं नाही, दहाच्या वर टोप्या. त्यांनीच ठरवलं, दुपारची प्रार्थना इथेच करू. हंड्या हौसाने आदल्या दिवशी घासल्या होत्या. 'आमेन' म्हटलं तेव्हा छताखालची कबुतरं उडाली. असं 'आमेन' मी कधीपासून ऐकलं नव्हतं. मला वाटलं, आता मेलो तरी चालेल.

आणि तेवढ्यात त्यांच्यातले एक गृहस्थ माझ्याजवळ आले. मूळचे ठाण्याचे, आता लंडन. फार सभ्य माणूस. माझ्या खांद्यावर हात ठेवून मराठीत म्हणाले, "मास्तर, आम्हांला बसमध्ये कळलं. आपण तुमच्या मंडळींसाठी हश्काबा म्हणू या. पुन्हा दहा जण इथे कधी जमतील कोणास ठाऊक."

हश्काबा. मेलेल्याच्या आत्म्याला शांती मिळावी म्हणून म्हणतात ती.

त्या पारशी बाईंना मी जे उत्तर दिलं होतं, ते हे होतं: "ती आता नाही."

मी तेव्हा थांबवू शकलो असतो. दोन शब्द पुरले असते. पण सगळे टोप्या सारख्या करून उभे राहिले होते, त्यांच्या बायका मागे उठून उभ्या राहिल्या होत्या, आणि वल्लरीने आपला कॅमेरा खाली केला होता. मला दोन शब्द सापडले नाहीत. आयुष्यभर पोरांना शब्द दिले.

"नाव?" त्यांनी विचारलं.

"सिप्पोरा."

"वडिलांचं?"

आणि मी तुझ्या वडिलांचंही नाव सांगितलं. एलोजी. नीट, स्पष्ट, चुकीचं म्हटलं जाऊ नये म्हणून. मास्तराची खोड, तिथेही गेली नाही.

त्यांनी फार सुंदर म्हटली. तुझं नाव दहा गळ्यांनी घेतलं, तुझ्या आत्म्याला विसावा मागितला, आणि शेवटी सगळ्यांनी आमेन म्हटलं. मीही म्हटलं.

बस गेली. मी बाकावर बसलो. हौसा टोप्या गोळा करत होती. म्हणाली, "मास्तर, ही मयताची परार्थना. मी इतकी वर्सं हितं झाडू मारतंय, मला समजतं. कोन गेलं?"

"कुणी नाही."

"मग सिप्पोराबाईचं नाव का घेतलं? मी आयकलं. बाई जिती हाय ना?"

"आहे."

तिने टोप्यांची टोपली खाली ठेवली. "जित्या मान्साला पोचवलंत?" मला वाटलं ती ओरडेल, पण आवाज उलट बारीक झाला. "आमच्यात पिंडाला कावला शिवला नाय तर समजतं तरी, काय तरी चुकलं. तुमच्यात कोन सांगनार?"

"तू सांगितलंस ना."

"मी नाय सांगत. बाईला तुमी सांगा. तिला ठावं पायजे."

म्हणून लिहितो आहे. 

का म्हणालो 'ती नाही'? मी दोन दिवस विचार करतो आहे. एकच सापडलं. शाळेतल्या सगळ्या कवितांत प्रिया मरते, वारा येतो, प्राजक्त ओघळतो, मागे राहिलेला चांगला माणूस असतो. त्यांत प्रिया सोडून जात नाही. गेली तर मागे राहिलेल्याकडे कुणीतरी वळून विचारेल, 'मग तू का नाही गेलास?' त्या वृत्तात तो प्रश्न बसत नाही. मी तुला मारलं, सिप्पोरा, ते मला चांगलं दिसावं म्हणून.

माझा शकुन-अपशकुनांवर विश्वास नाही. तरी तू बरी आहेस, एवढं एका ओळीत कळव. लवकर.

हसकेल


३१ जानेवारी १९९४

सिप्पोरा,

तुझं उत्तर पोचलं. तीन ओळी. मी त्या आता पाठ म्हणू शकतो, पाठांतर हा माझा विषयच.

'मी बरी आहे. मी मेलेली नाही आणि तू मला सोडलेलं नाहीस. मग मी कोण आहे, ते तूच सांग.'

जे केलं तेवढं सांगतो.

पहिलं म्हणजे शनिवारी सकाळी सिनेगॉगमध्ये तुझ्या आयुष्यासाठी प्रार्थना म्हणायचं ठरवलं, जिवंत माणसासाठी म्हणतात ती. मनात आलं, एकीने दुसरी पुसली जाईल. आम्ही सहा जण जमलो. त्यांतल्या एकाला ऐकू येत नाही, एकजण अधूनमधून मला आपला भाऊ समजतो. मी दारात जाऊन उभा राहिलो, कुणी येतंय का बघत. समोरून एक दूधवाला गेला. हश्काबेला दहा जण होते, आणि याला सहा.

दुसरं, वल्लरीला खरं सांगितलं. ती पुढल्या फेरीची वेळ ठरवायला आली होती. ओट्यावर बसली, चहाचा कप हातात तसाच.

"सर, मी सगळ्यांना बसमध्ये सांगत होते. बायका रडायच्या. मी स्वतः रडलेय एकदा." 

"माहीत आहे."

"आता मी काय सांगू लोकांना?"

"खरं सांग."

"खरं काय पण? बायको सोडून गेली, असं?"

"नाही. ती गेली आणि मी गेलो नाही, असं."

मग तिने विचारलं, "त्यांनी बोलावलं नाही तुम्हांला?"

"पुष्कळ वर्षं बोलावलं."

"आणि आता?"

"आता तिला सोडचिठ्ठी हवी आहे. एका चांगल्या माणसाशी लग्न करायचंय."

"या वयात?" म्हणाली, आणि लगेच जीभ चावली. "सॉरी सर. म्हणजे, छान आहे. मग द्या ना. कागदपत्रांचा प्रॉब्लेम आहे का? माझे बाबा मंत्रालयात आहेत, ते बघतील."

मला हसू आलं. मंत्रालयातून आपली सोडचिठ्ठी. मी तिला समजावलं: एक जाणकार लेखनिक लागतो, तो ती हाताने लिहितो, साक्षीदार लागतात, नवऱ्याने तोंडाने सांगावं लागतं की मी हे कुणाच्या दडपणाखाली नाही, माझ्या खुशीने देतो आहे. मग ती कुणाच्यातरी हाती बायकोकडे पाठवता येते. कागदाची अडचण नाही.

"म्हणजे फक्त तुम्ही हो म्हणायचं बाकी आहे?"

"हो."

"मग सर..." ती कपाकडे बघत राहिली. "तुम्हांला त्या परत येतील असं वाटतं का?"

सिप्पोरा, मला इतकं सरळ कुणी विचारलं नव्हतं. मी स्वतःलाही नाही. मी म्हटलं, "नाही वाटत." आणि ते म्हणताना कळलं की खरंच वाटत नाही, बरीच वर्षं वाटलेलं नाही. मग मी काय धरून बसलो आहे? तू यावंस असंही नाही. तू कुठेतरी माझी म्हणून असावीस, एवढंच. नकाशावर गाव असावं तसं. जायचं नाही, पण पुसायचंही नाही.

वल्लरी निघताना म्हणाली, "पुढच्या फेरीत मी बसमध्ये काही सांगणार नाही. तुम्हांला वाटलं तर तुम्ही सांगा."

सांगितलं. कालच्या फेरीत केतुबा दाखवला आणि म्हटलं, हा मी रंगवला, या कागदावर मी हिचं पोषण करीन, मान राखीन, असं लिहून दिलं, आणि ही बाई आज दिमोनात आहे. एक तरुण मुलगा म्हणाला, "वाव, लाँग डिस्टन्स." बाकी सगळे हंड्यांचे फोटो काढायला गेले. खरं बोललं की लोक हंड्यांचे फोटो काढतात.

मुंबईत चौकशी केली आहे. सोडचिठ्ठी लिहिणारे एक गृहस्थ पुढल्या महिन्यात बाहेरून येणार आहेत, होळीच्या सणापर्यंत थांबतील. तिकडे तुम्ही पुरिम म्हणत असाल. माझ्यासाठी तो अजून होळीचा सणच आहे. गुडघा जरा उतरला की जातो. फेब्रुवारीत नक्की.

लिहिताना ऐकू आलं, हे मॅट्रिकच्या वर्गासारखंच वाटतंय. तरी लिहून ठेवतो.

हसकेल


२१ फेब्रुवारी १९९४

सिप्पोरा,

मी गेलो नाही.

आधी तेच सांगून टाकतो, म्हणजे तुला शेवटपर्यंत शोधत बसायला नको. ते गृहस्थ आले आहेत. निरोप आला, वेळ ठरली, साक्षीदार ठरले. वल्लरीने काल तिच्या परतीच्या मिनीबसमध्ये मला जागा दिली, म्हणाली, "सर, रात्री माझ्या मावशीकडे दादरला राहा, सकाळी मी स्वतः नेऊन सोडते." नवा सदरा घातला. केतुबा लागेल म्हणाले होते, तो गुंडाळून घेतला. पुढच्या सीटवर बसलो, मागे पाहुणे झोपलेले.

कळंबोलीचा नाका आला आणि मी म्हटलं, "बस थांबव. चष्मा घरी राहिला."

चष्मा डोळ्यांवर होता. वल्लरीने माझ्याकडे पाहिलं. ड्रायव्हरला म्हणाली, "थांबवा जरा." मी उतरलो. ती खिडकीतून म्हणाली, "सर, रिक्षा मिळेल ना?" एवढंच. चष्म्याबद्दल काही नाही. या पोरींना इतकं शहाणपण कुठून येतं? मी लोखंडाच्या ट्रकांमधून, नवा सदरा घालून, चालत आलो. गुडघा अजिबात दुखत नव्हता.

हौसाने सकाळी मला घरात पाहिलं. "गेला नाय तुमी?"

"नाही."

"का?"

"जमलं नाही."

"जमलं नाय कसं? बस हुती, पोर हुती, सदरा हुता." झाडू काखेत मारून ती ओट्यावर बसली. "मास्तर, माजा नवरा मेला तवा मी बांगड्या फोडल्या आनि दुसऱ्या वर्साला हाताला परत भरल्या. लोक बोलले. बोलू दे. हात माजा हाय. त्या बाईचा हात तुमच्याकडं अडाकलाय. तिकडं ती एका हातानं सैपाक करतेय."

याच्यापुढे मी काय शिकवलं वर्गात इतकी वर्षं, मला सांगता येत नाही.

तेव्हा, सिप्पोरा, मी आज पुन्हा लिहितो आहे की सणापर्यंत अजून चार दिवस आहेत आणि त्या दिवसांत मी जाईन. तू विश्वास ठेवू नकोस. मीही ठेवत नाही. मी स्वतःला उचलून नेऊ शकत नाही, हे आता मला कळलं आहे. त्यात तुझ्याबद्दलचा राग नाही, एफ्राइमबद्दलही नाही. मी फक्त असा माणूस आहे की ज्याला

हौसा हाका मारते आहे. कुणीतरी आलंय म्हणते. थांब.

...

सिप्पोरा, अक्षर वाकडं येतंय, समजून घे. तो बाहेरच्या खोलीत आहे आणि मी आत येऊन एवढं लिहितो आहे.

दारात एक बुटका, सावळा, पांढऱ्या मिशांचा माणूस उभा होता. खांद्याला पिशवी, डोक्यावर टोपी, सदरा घामाने चिकटलेला. आत यायच्या आधी त्याने चौकटीवर ठोकलेल्या मेझुझाच्या पवित्र डबीला बोटं लावून ओठांना लावली. म्हटलं, सहलीतला कुणी मागे राहिला. मी इंग्रजीत विचारलं, तुमची बस चुकली का?

तो म्हणाला, नाही. मी एफ्राइम. मी बसनेच आलो, पण सहलीच्या नाही.

इंग्रजीतच सांगत होता, थांबत थांबत. तू जेवत नव्हतीस म्हणे, त्या हश्काबेचं पत्र आल्यापासून. मला बरी आहे असं लिहिलंस, आणि ताट सरकवत राहिलीस. हा तुला खरं न सांगता कोचीनला भावाकडे जातो म्हणून निघाला आणि तिथून गाड्या बदलत इथे आला. भांडायला आलो नाही, म्हणाला. तुमच्यावर दडपण आणलं तर ती सोडचिठ्ठी चालणारच नाही, तेवढं मलाही माहीत आहे. नाही म्हणालात तर परत जाईन. पण हे पत्रातून विचारायची गोष्ट नाही, म्हणून आलो.

मी दारातच उभा. हौसा मागे उभी. तो दोघांकडे बघत होता. मग त्याने टोपी जराशी मागे सारली, घसा साफ केला, आणि हौसाला म्हणाला,

"बाय, घोटभर पानी देशील? उनातनं आलूय."

मराठीत. हौसा बघतच राहिली. कोचीनचा माणूस, दिमोनात म्हातारा झालेला, आणि बोली थेट गव्हाणची, तुझ्या माहेरच्या ओट्यावरची, तुझ्याच तोंडून उचललेली. तू घरात माझ्याशीही कधी तशी बोलली नाहीस. मी सुधारत बसायचो ना.

मराठी सुटेल म्हणून मी इथे राहिलो, सिप्पोरा.

मी त्याला म्हटलं, "आत या. पाणी पिऊन घ्या, मग निघू. मुंबईची एस.टी. स्टँडवरून सुटते, दोघांना जागा मिळेल."